सोलापूरला तीन दिवस: देवदर्शनाच्या वाटेवरचा मुक्काम म्हणून नको, सोलापूरसाठीच जा

तुमचा प्रश्न थोडक्यात असा: पुण्याहून पाच जण. तुम्ही, तुमचे यजमान, तेरा वर्षांचा मुलगा, आठ वर्षांची मुलगी आणि एकाहत्तर वर्षांच्या सासूबाई. सासूबाईंचं बालपण सोलापुरात गेलं, त्यांचे वडील लक्ष्मी-विष्णू या कापड गिरणीत साचेखात्यात, म्हणजे मागांच्या खात्यात होते. लग्नानंतर त्या तिकडे फारशा गेल्याच नाहीत आणि आता "एकदा गिरणी दाखवून आण" म्हणतात. दिवाळीनंतर शुक्रवार ते रविवार हाताशी आहेत. ओळखीतले सगळे सांगतात, "सोलापुरात काय बघायचंय? एक रात्र राहा आणि अक्कलकोट, तुळजापूर, पंढरपूर उरकून या." मुलं कंटाळतील का, सासूबाईंचे गुडघे साथ देतील का आणि हे सगळं बसवायचं कसं, असं तुम्ही विचारलंय.

मी गेली बावीस वर्षं कुटुंबांच्या छोट्या सहली आखून देते आणि त्यातल्या बऱ्याच सोलापूरच्या आहेत. पहिला सल्ला हाच, की ती "उरकून या" यादी बाजूला ठेवा. ही तीर्थक्षेत्रं थोरच आहेत, पण तिन्ही एका सहलीत कोंबली की सोलापूर म्हणजे फक्त रात्री पाठ टेकायचं लॉज होतं. सासूबाईंना जे हवंय, ते त्या लॉजबाहेर दोन-तीन किलोमीटरवर असतं आणि तिथे जायला वेळच उरत नाही. सुरुवातीच्या वर्षांत मीच एका कुटुंबाला एप्रिलमध्ये एका दिवसात तुळजापूर, नळदुर्ग आणि अक्कलकोट आखून दिलं होतं. दुपारी दोनला नळदुर्गच्या तटावर त्यांच्या आजींना चक्कर आली. उरलेला दिवस सगळं कुटुंब हॉटेलच्या खोलीत बसून होतं. चूक सर्वस्वी माझ्या आखणीची होती. तेव्हापासून सोलापूरसाठी मी दोन नियम पाळते: मार्च ते जून नाही आणि एका दिवशी गावाबाहेरचं एकच ठिकाण.

आता गिरणीबद्दल. हे सासूबाईंना निघण्याआधीच सांगा, तिथे पोचल्यावर कळायला नको. त्यांच्या आठवणीतली गिरणी आता नाही. सोलापूरच्या जुन्या कापड गिरण्या एकेक करून बंद पडल्या. लक्ष्मी-विष्णूचे साचे नव्वदच्या दशकात थांबले. तिकीट काढून आत जावं आणि धडधडणाऱ्या मागांच्या रांगा बघाव्यात, असं तिथे काही राहिलेलं नाही. जागांचे उपयोग बदलले, नव्या इमारती आल्या. हे माहीत नसताना एखादी वृद्ध व्यक्ती पन्नास वर्षांनी त्या रस्त्यावर उतरली की तिला धक्का बसतो. आधी सांगितलेलं असेल तर तीच व्यक्ती पडक्या भिंतीकडे बोट करून "इथून आत जायचे बघ" असं सांगू लागते. मी दोन्ही प्रकार पाहिलेत.

पण गिरण्या गेल्या म्हणून कापड गेलं, असं सोलापुरात झालं नाही. शहराच्या पूर्वभागात आणि अक्कलकोट रोडच्या एमआयडीसीत यंत्रमाग आजही चालतात, चादरी आणि टॉवेल विणले जातात. तेव्हा सहलीचा मध्यबिंदू चालू माग असू द्या, बंद गिरणीभोवती दिवस रचू नका. चालत्या मागापाशी गेल्यावर सासूबाईंना वडिलांचं काम पुन्हा दिसेल आणि आजी कशाबद्दल बोलते ते मुलांना पहिल्यांदा कळेल.

प्रवासाचं लवकर आटपते. पुणे-सोलापूर साधारण अडीचशे किलोमीटर. गाडीनं गेलात तर भिगवणच्या अलीकडे-पलीकडे उजनीच्या पाणपसाऱ्यावर थांबण्याचा मोह होईल. हिवाळ्यात तिथे रोहित पक्षी उतरतात. पण त्यासाठी पहाटे पोचावं लागतं आणि नोव्हेंबरच्या सुरुवातीला ते आलेलेच असतील असं नाही. गुडघेदुखीच्या माणसाला मी नेहमी रेल्वेच सुचवते, पाय मोकळे करता येतात. इंद्रायणी सकाळी पुण्याहून निघून दुपारी सोलापूरला पोचवते आणि रविवारी दुपारी तिकडून निघून संध्याकाळी परत आणते. तुमच्यासाठी तीच योग्य. हुतात्मा एक्स्प्रेस आणि वंदे भारत दोन्ही सोयीच्या आहेत, पण पुण्याकडून जाताना त्या रात्री उशिरा पोचवतात आणि परतताना पहाटे उठवतात. लहान मुलगी आणि आजी बरोबर असताना मी ते टाळते. वेळा बदलत असतात, आरक्षण करताना एकदा पाहून घ्या. दिवाळीनंतरच्या आठवड्यात गाड्या भरलेल्या असतात आणि कार्तिकी एकादशी जवळ असेल तर पंढरपूरच्या वारकऱ्यांची गर्दीही त्याच मार्गावर असते. तारीख ठरवण्याआधी पंचांग उघडा.

हॉटेल स्टेशन ते सात रस्ता या पट्ट्यात घ्या. लिफ्ट आहे का विचारा, आणि लिफ्टपर्यंत जायला पायऱ्या आहेत का तेही विचारा. हा दुसरा प्रश्न लोक विसरतात. पैसे वाचवायचे असतील तर दुसरीकडे वाचवा. बरी खोली आणि दोन दिवसांसाठी ओळखीच्या चालकाची गाडी, या दोन गोष्टींत काटकसर नको.

शुक्रवारी दुपारी पोचलात की जेवा आणि झोपा. उन्हं कलली की सिद्धेश्वर मंदिर. सिद्धरामेश्वर हे बाराव्या शतकातले शिवयोगी, बसवेश्वरांच्या काळातले. त्यांनी लोकांना बरोबर घेऊन तलाव खोदला आणि अडुसष्ट लिंगांची स्थापना केली, असं सोलापूरकर सांगतात. मंदिर तलावातच आहे, चारी बाजूंनी पाणी. संध्याकाळी वारा सुटतो, आजी कट्ट्यावर बसू शकतात, मुलांना मासे दिसतात. शेजारीच भुईकोट किल्ला आहे. बहमनी काळातला, दुहेरी तटाचा, आत जुन्या मंदिराचे कोरीव अवशेष. डोंगरी किल्ला नसल्यानं चढ फार नाही, पण आतली जमीन उंचसखल आहे आणि किल्ला संध्याकाळी लवकर बंद होतो. म्हणून यजमान मुलांना घेऊन आधी किल्ल्यात जाऊन येऊ देत, तुम्ही आणि सासूबाई थेट मंदिरात जा, मग सगळे तलावाकाठी भेटा. कुटुंबानं प्रत्येक गोष्ट एकत्रच पाहिली पाहिजे हा हट्ट सोडला, तर सहलीतली निम्मी भांडणं होत नाहीत.

मकरसंक्रांतीच्या सुमारास इथे सिद्धेश्वरांची गड्ड्याची यात्रा भरते. सात नंदीध्वज निघतात, "एकदा भक्तलिंग हर्र, बोला हर्र"च्या गजरात अक्षता सोहळा होतो. आयुष्यात एकदा पाहावा असा सोहळा. पण गर्दी प्रचंड, आणि तुमच्या घरच्या मंडळींसह पहिल्याच भेटीत मी तो सुचवणार नाही.

शनिवारची सकाळ मागासाठी, नाश्ता झाल्याबरोबर.

हे आपोआप होत नाही, आधी जुळवावं लागतं. चादरींचे बरेच दुकानदार स्वतः कारखानदार असतात किंवा कारखान्याशी जोडलेले असतात. आठवडाभर आधी फोन करा. घरात गिरणी कामगाराची मुलगी आहे, मुलांना माग दाखवायचाय, एवढं सांगा. नकार क्वचितच येतो. साप्ताहिक सुट्टी कधी, वीज कधी जाते, माग किती वाजता सुरू होतात, तेही त्याच फोनवर विचारा. बंद माग बघायला गेलात तर मुलांना तो नुसता लोखंडी सांगाडा वाटेल.

पूर्वभागातले बहुसंख्य विणकर पद्मशाली समाजाचे. त्यांचे पूर्वज तेलंगणातून कामाच्या शोधात इथे आले, आधी हातमागावर बसले, मग गिरण्यांत गेले, मग घराघरांत यंत्रमाग आले. म्हणून या भागात घरची भाषा तेलुगू. बाजारात मराठी, पलीकडच्या पेठेत कन्नड, चौकात दख्खनी उर्दू. दोन गल्ल्यांत किती लिपींतल्या पाट्या दिसतात ते मोजायचं काम मुलीला द्या, तिचा अर्धा तास मजेत जाईल. पुरुष मागावर आणि बायका विड्या वळायला, असं हजारो घरांचं गणित वर्षानुवर्षं होतं. सासूबाईंना हे सगळं ठाऊक असेल. त्यांनाच बोलतं करा.

माग बघायला जाताना काही गोष्टी सांभाळा. आवाज फार मोठा असतो, कानात कापूस घालून जा. मुलीचे केस बांधा, ओढणी-स्कार्फ काढून ठेवा, पट्ट्याजवळ हात जाऊ देऊ नका. हवेत कापसाची तुसं उडतात. सासूबाईंना दम्याचा त्रास असेल तर त्यांनी दारातूनच पाहावं. आणि विणकराला विचारल्याशिवाय फोटो नको. तो पाळीवर काम करतोय, एकाच वेळी अनेक मागांवर लक्ष ठेवतोय. पाच-सात मिनिटं नुसतं शांत उभं राहा. मग तो स्वतःच खुणेनं जवळ बोलावतो, हे मी कितीदा तरी अनुभवलंय.

बघायचं काय, ते मुलाला आधी सांगून ठेवा. लांबीत ताणलेलं सूत म्हणजे ताणा. ते बीमवर गुंडाळून मागाच्या मागच्या बाजूला बसवलेलं असतं. आडवं जाणारं सूत म्हणजे बाणा. तो धोट्यातल्या कांडीवर असतो आणि धोटा इकडून तिकडे सटासट फेकला जातो. दर फेरीला ताण्याचे काही धागे वर उचलले जातात, काही खाली राहतात, मधल्या फटीतून धोटा जातो आणि फणी तो धागा ठोकून बसवते. कापड म्हणजे एवढंच. पण चादरीवर जो मोर उमटतो, तो कुठले धागे कधी उचलायचे या निर्णयातून. तो निर्णय मागाच्या वर बसवलेलं जेकार्ड घेतं. त्यात भोकं पाडलेल्या पुठ्ठ्यांची माळ फिरत असते. भोक असेल तिथला हूक धागा उचलतो, नसेल तिथला उचलत नाही. फ्रान्समधल्या जोसेफ मारी जेकार्डनं १८०४च्या सुमारास ही युक्ती पक्की केली आणि पुढे इंग्लंडमध्ये चार्ल्स बॅबेजनं आपल्या गणनयंत्रासाठी अशाच भोकांच्या पत्त्यांची कल्पना उचलली. तेरा वर्षांचा मुलगा मोबाइलमध्ये डोकं घालून बसतो, अशी तुमची तक्रार आहे. त्याला सांगा, तुझ्या हातातल्या यंत्राचा एक पूर्वज इथे छताजवळ खडखडतोय. काही कारखान्यांत आता संगणकावर चालणारं जेकार्ड आहे. दोन्ही पाहायला मिळाली तर फारच उत्तम.

सासूबाईंनी सोबत काही आणावं असंही मी सुचवेन. वडिलांचा गिरणीतला बिल्ला, पगाराचा कागद, एखादा फोटो, काहीही. कारखान्यातल्या जुन्या माणसाला ते दाखवलं की गप्पा सुरू होतात. एका सहलीत एका आजींनी वडिलांच्या हातचा जुना लाकडी धोटा पिशवीतून काढला. मागावरचे गृहस्थ तो हातात घेऊन बराच वेळ काही बोललेच नाहीत. मग त्यांनी माग थांबवला, आजींना स्टूल दिलं आणि दोघांनी कुठल्या खात्यात कोण मुकादम होता याची उजळणी केली. नातवंडं ऐकत बसली. त्या कुटुंबाचं त्या दिवशीचं पुढचं सगळं वेळापत्रक मी रद्द केलं.

चादर तिथेच घ्या, पण घाई करू नका. सोलापुरी चादर आणि सोलापुरी टेरी टॉवेल या दोन्हींना भौगोलिक मानांकन आहे, तरीही सोलापूरच्या नावावर बाहेरचा माल सर्रास विकला जातो. अस्सल जेकार्ड चादर हातात घेतली की वजन जाणवतं. तिची नक्षी छापलेली नसते, विणलेली असते, त्यामुळे उलट बाजूलाही तीच नक्षी रंगांची अदलाबदल होऊन दिसते. छापील असेल तर मागची बाजू फिकी, पुसट. बऱ्याच कारखानदारांचं नाव चादरीतच विणलेलं असतं, ते शोधायचं काम मुलांकडे द्या. सूत शुद्ध कापसाचं आहे की मिश्र, हे स्पष्ट विचारा आणि पावतीवर लिहून घ्या. मिश्र सुताची चादर वाईट असते असं नाही, पण भाव वेगळा असायला हवा. पहिल्या दोन-तीन धुण्यांत रंग थोडा जातो, वेगळी धुवा. साड्या, खण असलं काही हवं असेल तर चाटी गल्ली. तिथे मात्र सकाळीच जा, संध्याकाळी पाय ठेवायला जागा नसते.

दुपारी जेवण आणि सक्तीची विश्रांती. नोव्हेंबरातही सोलापूरची दुपार पुणेकरांना जड जाते.

चारच्या पुढे सासूबाईंचा वेळ. लक्ष्मी-विष्णूचा परिसर, त्यांची चाळ किंवा शाळा जिथे होती तो भाग, आणि जुन्या गिरणीचा परिसर, एवढंच. जुनी गिरणी म्हणजे सोलापूर स्पिनिंग अँड वीव्हिंग कंपनी. मोरारजी गोकुळदास यांनी उभारलेली, १८७७ सालची, सोलापूरची पहिली कापड गिरणी. एका गावाचं नशीब एका कारखान्याशी किती बांधलेलं असतं ते तिच्या कथेत दिसतं. १९४९मध्ये ती बंद पडली तेव्हा एवढे कामगार उघड्यावर आले, की १९५०मध्ये केंद्र सरकारनं अध्यादेश काढून तिचा कारभार हाती घेतला. भागधारक सर्वोच्च न्यायालयात गेले आणि तो खटला आजही कायद्याच्या विद्यार्थ्यांना शिकवला जातो. घरात कोणी वकिलीचं शिकत असेल तर "शोलापूर मिल्स केस" म्हटल्यावर लगेच मान हलवेल.

गाडीतून फिरा, मोजक्या ठिकाणी उतरा आणि मोबाइलवर सासूबाईंचा आवाज ध्वनिमुद्रित करत राहा. प्रश्न साधे विचारा. भोंगा किती वाजता व्हायचा? पहिल्या पाळीला जाताना डब्यात काय असायचं? पगाराच्या दिवशी घरात काय यायचं? संप झाला की दुकानदार उधारी द्यायचा का? "गिरणीबद्दल सांगा" म्हटलं तर माणूस दोन वाक्यांत थांबतो, भोंग्याबद्दल विचारलं तर अर्धा तास बोलतो. सगळ्या सोलापूरचं घड्याळ त्या भोंग्यांवर चालायचं. कुठल्या गिरणीचा कुठला आवाज, हे लोक अंथरुणातून ओळखायचे. मुलांनी हे आजीच्या तोंडून, त्याच रस्त्यावर ऐकावं असं मला मनापासून वाटतं. या सहलीतून दुसरं काहीच साधलं नाही तरी चालेल, एवढं साधायला हवं. आणि सासूबाई मध्येच गप्प झाल्या तर त्यांना गप्प राहू द्या, लगेच पुढचं ठिकाण काढू नका.

तिथून परत येताना चार हुतात्म्यांचे पुतळे. सोलापूरकर नुसतं "चार पुतळा" म्हणतात. मे १९३०मध्ये गांधीजींच्या अटकेनंतर सोलापूर पेटलं. गिरणी कामगार रस्त्यावर उतरले, गोळीबार झाला. त्यानंतरचे काही दिवस शहरात इंग्रजांची सत्ता उरली नव्हती. मग १२ मे रोजी मार्शल लॉ पुकारला गेला. मल्लप्पा धनशेट्टी, कुर्बान हुसेन, जगन्नाथ शिंदे आणि श्रीकिसन सारडा यांना १२ जानेवारी १९३१ रोजी येरवड्याच्या तुरुंगात फाशी दिली गेली. पुण्याच्या मुलांना येरवडा माहीत असतं, सोलापूर माहीत नसतं. तिथे वीस मिनिटं थांबून चारही नावं मुलाला मोठ्यानं वाचायला सांगा. जवळच महापालिकेचं इंद्रभुवन आहे, आप्पासाहेब वारद यांनी बांधलेली देखणी वास्तू. संध्याकाळच्या उजेडात बाहेरून पाहिली तरी पुरे.

डॉ. द्वारकानाथ कोटणीसांचं जन्मघर भैय्या चौकाकडे आहे. तिथे महापालिकेनं स्मारक केलंय. १९३८मध्ये चीनला गेलेल्या वैद्यकीय पथकातले ते डॉक्टर. तिथेच रुग्णसेवा करताना १९४२मध्ये वयाच्या बत्तिसाव्या वर्षी गेले. शनिवारी दमला नसाल तर जा, पण आधी उघडं आहे का ते विचारून.

रविवारी दुपारची गाडी असेल तर सकाळी एकच बाहेरचं ठिकाण बसतं आणि तुमच्या कुटुंबासाठी ते अक्कलकोट. सुमारे चाळीस किलोमीटर. साडेसहाला निघा, वटवृक्ष स्वामी समर्थ मंदिरात दर्शन घ्या, अकराच्या आत परत. रविवारी रांग असते. रांग फार मोठी असेल तर सासूबाईंसाठी मुखदर्शनावर समाधान माना. गुरुवार आणि पौर्णिमेला तर विचारूच नका.

सोमवारची रजा मिळत असेल तर मात्र रविवार नळदुर्गला द्या. मला स्वतःला हे ठिकाण अक्कलकोटहून अधिक मुलांचं वाटतं. हैदराबाद रस्त्यावरचा किल्ला, तासाभराच्या आत. बोरी नदीवर आदिलशाही काळात बांधलेला बंधारा आहे आणि बंधाऱ्याच्या पोटात पाणीमहाल. भरपूर पाऊस झाला की बंधाऱ्यावरून नर आणि मादी असे दोन धबधबे कोसळतात आणि आतल्या महालात थेंबही येत नाही. नोव्हेंबरात धबधबे वाहतील याची खात्री नाही. ते पाहायचे तर चांगल्या पावसाच्या वर्षी ऑगस्ट-सप्टेंबर. पण कोरड्यातही महालाच्या खिडकीतून खाली पाहताना मुलं हरखतात. पाणीमहालात उतरायला पायऱ्या आहेत, उपली बुरुजाला त्याहून जास्त. सासूबाईंनी दोन्हीकडे जाऊ नये. किल्ल्याचा विस्तार मोठा आहे, सावलीची एक जागा धरून त्यांना बसवा आणि एक मोठं माणूस त्यांच्याजवळ थांबू दे.

हत्तरसंग कुडल मी सगळ्यांना सांगत नाही, पण तुमच्या प्रश्नावरून तुम्हाला आवडेल असं वाटतं. भीमा आणि सीना यांचा संगम, शांत काठ, जुनी मंदिरं. संगमेश्वर मंदिरात शके ९४०चा, म्हणजे १०१८ सालचा शिलालेख आहे, आद्य मराठी लेखांपैकी एक. हजार वर्षांपूर्वीच्या मराठी अक्षरांवरून बोट फिरवावंसं वाटतं. फिरवू नका, लांबूनच वाचा. शेजारच्या हरिहरेश्वर मंदिरात एक भलंमोठं शिवलिंग आहे, त्याच्या अंगावर साडेतीनशेहून अधिक छोटी मुखं ओळीनं कोरलेली. तिथे खाण्यापिण्याची सोय धरून चालू नका, पाणी आणि डबा बरोबर न्या.

सोलापूरजवळच्या नान्नजच्या माळढोक अभयारण्याबद्दल मुलगा विचारेल, शाळेच्या पुस्तकात माळढोक असतोच. तो दिसेल असं वचन देऊ नका. माळढोक आता इथे जवळजवळ संपल्यातच जमा आहे. काळवीट मात्र दिसतात आणि पहाटेचा गवताळ माळ फार सुंदर असतो.

जेवणाचं. इथे सासूबाईंचं ऐका, माझं नको. पण दोन-चार गोष्टी चुकवू नका. शेंगाचटणी कांडलेली हवी, मिक्सरमधली भुकटी नको. उखळात कुटलेल्या चटणीला शेंगदाण्याचं तेल सुटतं, ती चिमटीत धरली की ढेकूळ होते. कडक भाकरी ही सोलापूरची ओळख. पापडासारखी पातळ आणि वाळवलेली, कित्येक दिवस टिकते, गिरणीच्या डब्यातही जायची. सासूबाईंच्या दातांना कठीण जाईल, तेव्हा आमटीत कुस्करून. भाकरी मालदांडी ज्वारीची आहे का विचारा. ती इथल्याच मोहोळच्या संशोधन केंद्रातून पुढे आलेली, आणि मंगळवेढ्याची ज्वारी तर मानांकन मिळालेली. भरलं वांगं, धपाटे, शेंगापोळी, पुंडीची भाजी. डिस्को भजी मुलांसाठी. बऱ्याच ठिकाणी तिखट सढळ असतं, मुलीसाठी दही आधीच मागून ठेवा. हुरडा हवा असेल तर नोव्हेंबरात मिळणार नाही. त्यासाठी डिसेंबरअखेर ते जानेवारी यायला हवं. कोवळी कणसं शेकोटीवर भाजून तिथल्या तिथे खायची, सोबत तीच शेंगाचटणी. मुलांच्या नाताळच्या सुट्टीत जमत असेल तर तारखा तिकडे सरकवण्याचा गंभीरपणे विचार करा. थंडीही तेव्हा चांगली असते.

जाताना बॅगांपैकी एक अर्धी रिकामी न्या. पाच माणसांच्या कुटुंबात तीन चादरी होतातच, आणि एकेक चादर चांगलीच जड असते. जास्त घेतल्या तर दुकानदार पार्सल करून देतात. सासूबाईंची चादर मात्र हातातच ठेवा. परतीच्या गाडीत त्यांना ती पायांवर घ्यायची असेल.